रस्ता खराब नाय

सुजित,

तुझी लाल टू-सीटर जॅकवर आहे, उतरवू नकोस. मनोरच्या हायवेवर शंभरला ती डुलते, तर तू म्हणतोस, "रस्ताच खराब हाय." दोनदा अलाइनमेंट केलंस, पुढचे टायर बदललेस. अरे, बोटीचं सुकाणू मागे असतं, हे कोळ्याच्या पोराला मी सांगू? मागच्या चाकाचा दांडा पहारीने ढकलला, तर जे वळायलाच नको ते चाक सुकाणूसारखं वळलं. दांड्याच्या सांध्यातलं रबर फाटलंय. अंगठ्याएवढं रबर, आणि त्याच्या जिवावर अख्खी गाडी सरळ धावते! बघून मी गाडीखालीच पडून राहिले.

नवं आणायला बोईसरला जातेय. चावी माझ्याकडे आहे. गाडी डुलते म्हणत रडली, तर आपल्या रिद्धीला घाबरट म्हणालास ना? शाळेतून आली की आधी तिला सांग, तिचंच बरोबर होतं.

हंसा