संघमित्राच्या फिल्ममधली मुख्य बाई

३ फेब्रुवारी
मे महिन्यात आपली चाळ पाडणार. त्याआधी तिच्यावर डॉक्युमेंटरी निघणार. वरळीच्या बीडीडी चाळीतली संघमित्रा काढणार. पोरगी चित्रंही काढते, जुन्या भिंतींच्या पोपड्यांची. लोक बघायला येतात म्हणे. येवोत बापडे.
आज मजलाभर फिरली. माझ्याकडे दोनदा बघितलं. समोरच्या कमलकडे एकदाच, तेही चप्पल काढताना. म्हणजे मुख्य बाई मीच. बरोबर आहे. उद्या इथे टॉवर आला की मालन नावाची बाई इथे राहायची हे कोणाला कळणार? फिल्ममध्ये तोंड आलं की विषय संपला.
ठरवलं: कमी बोलायचं.

६ फेब्रुवारी, दुपार
नातीला, मायाला, कामाला लावून खोलीला रंग काढला. पिस्ता. संघमित्रा आली आणि मटकन खालीच बसली. तिला म्हणे ती काळी भिंत हवी होती. तीस वर्षं गिरणीवाल्यांची खानावळ चालवली, त्या स्टोव्हची काजळी. सांगितलं, पोरी, आमच्यात पाहुणा यायचा म्हणजे भिंत स्वच्छ करतात. तिने कॅमेरा परत पिशवीत घातला. पटलं असणार.

१३ फेब्रुवारी
मुलाखत. नवी साडी, दात लावलेले. बातम्यांतल्या बाईसारखं सावकाश बोलले, “त्या काळी परिस्थिती अत्यंत बिकट होती.” माया तोंडात ओढणी कोंबून हसत होती. संघमित्रा म्हणाली, आजी, नेहमीसारखं बोला ना. म्हटलं, नेहमीसारखं बोलायला कॅमेरा कशाला लागतो, गॅलरी आहे की.
कमलचंही शूटिंग झालं. तांदूळ निवडताना. एक अक्षर बोलली नाही मेली. फिल्ममधून कापणार तिला.

२० फेब्रुवारी, सकाळ ११
आवाजवाला ध्रुव म्हणतो, एक मिनिट सगळे गप्प बसा, नुसत्या खोलीचा आवाज घ्यायचाय, फिल्म जोडताना लागतो. घे बाबा.
पहिल्यांदा त्याला विचारलं, झालं का. दुसऱ्यांदा कमलला सांगितलं, श्वास हळू घे. तिसऱ्यांदा सगळे किती शहाण्यासारखे गप्प बसलेत म्हणून कौतुक केलं. कौतुकही चालत नाही. ध्रुवने हात जोडले, आजी, जरा बाहेर जाऊन येता? मी निघूनच आले. माझ्याच खोलीतून! जिन्यात जाऊन बसले.
मनावर घेतलं नाही. मुख्य बाईने असल्या बारीकसारीक कामात पडूच नये.

२६ एप्रिल, शनिवार
चौकात पडदा लावून फिल्म दाखवली. मी पहिल्या रांगेत, मधोमध. बाजूच्यांना सांगत होते, आता मी येणार. आली कमल. चार मिनिटं तांदूळ! मग जिना, मग नळ. मागून कोणतरी ओरडलं, आजी, डोकं खाली. मागे वळून त्याच्या सात पिढ्यांची उजळणी घेतली. परत वळले तर शेवटची नावं सुरू.
संघमित्राला धरलं. मी कुठाय? ती म्हणाली, आलात की आजी! शेवटी, जिन्यात बसलेल्या. सगळ्यात जास्त वेळ चाललेला शॉट तुमचाच. म्हटलं, परत लाव. तोवर पडदा उतरवला होता.
कमलला विचारलं, तू तरी बघितलंस ना मला?
म्हणाली, “म्हातारी दिसली गो एक. पण ती गप्प बसलेली. माका वाटला, दुसरीच कोणतरी.”