आधी वही, मग चहा

बाई,

तुमची तासांची वही आज मी देऊन टाकली. उद्या ती नागपूरला हायकोर्टात जाईल. तिच्यातलं पहिलं अक्षर तुमचं आहे, म्हणून तुम्हाला सांगणं भाग पडलं. एरवी लिहिलं नसतं. तुम्हाला जाऊन अठरा वर्षं झाली, आणि गेलेल्या माणसांशी बोलत बसणाऱ्या बायकांबद्दल तुमचं मत काय होतं ते मला ठाऊक आहे.

मागणारी आपल्याच अर्थशास्त्र विभागातली. तुम्ही तिला पाहिलेलं नाही. माझ्या निवृत्तीच्या आधी तीन वर्षं ती तासिका तत्त्वावर होती. तास घेतला तर मोजला, नाही तर तिचं अस्तित्व नाही. समुद्रपूरहून एसटीने यायची. पुढे पक्की झाली. आता नोकरी सांभाळून अर्धवेळ पीएचडी करायची म्हणून तिने अर्ज केला, तर विद्यापीठाने अपात्र ठरवलं. पक्क्या नोकरीची वर्षं कमी भरतात आणि तासिकेच्या वर्षांचा पुरावा नाही. पुरावा असणार कुठून? ऑफिसातल्या हजेरीपत्रकावर तासिकावाल्यांना कधी सही करू दिली नाही. ती गप्प बसली नाही, सरळ याचिका टाकली. मग तिला वही आठवली, तिने मला फोन केला. "मॅडम, डिपार्टमेंटची ते तासाची वही तुमच्यापाशी आहे का? वकील साहेब म्हणून राह्यले, मूळ वहीच पाह्यजे, झेरॉक्स चालत नाई." मी म्हटलं, माझ्याकडे नाही. बोलताना माझी नजर कपाटावर होती, आणि वही कपाटात होती. निवृत्तीच्या दिवशी मी ती पिशवीत घालून घरी आणली होती. कॉलेजची वस्तू होती, पण तुमच्यानंतर ती मी सांभाळली, आणि माझ्यानंतर कोणी सांभाळील असं वाटलं नाही.

विभागप्रमुख म्हणून तुम्ही घातलेला नियम अजून कानात आहे. तास संपला की आधी वही, मग चहा. तारीख, वर्ग, विषय, हजर किती, सही. पक्का असो की तासिकावाला, सगळ्यांना एकच वही. एकदा मी वर्गात सहाच मुलं होती म्हणून आकडा लिहिला नाही, तर तुम्ही सगळ्यांसमोर माझ्या हातातला कप काढून घेतलात. "सहाले शिकवलं त सहा लिही. लाज कायची?" त्या दिवशी मी चहाशिवाय पुढचे दोन तास घेतले.

आणि तो रविवार. तुमच्या स्वयंपाकघरात गॅसवर वांगं भाजतंय. मी पीएचडीचा फॉर्म ओट्यावर ठेवते, तुमची शिफारस हवी आहे. तुमचे हात जळक्या सालीने काळे झालेत, म्हणून तुम्ही कोपरानेच फॉर्म बाजूला सारता. "काऊन वं, इतकी कायची घाई झाली तुले? आधी पक्की हो. पीएचडी काई पळून नाई चालली." मग म्हणता, "जेवून जाजो." मी जेवून गेले. भरीत चांगलं झालं होतं.

पक्की व्हायला मला सात वर्षं लागली. मग अर्ज घेऊन गेले तेव्हा खिडकीतल्या माणसाने मला हेच सांगितलं, तासिकेची वर्षं आम्ही धरत नाही. मी फॉर्मची घडी घातली आणि परत आले. वही तेव्हाही होती, तुमच्या टेबलावर, आणि तिच्यात सात वर्षांच्या माझ्या सह्या होत्या. तुम्हाला ती दाखवायचं सुचलं नाही, की सुचूनही तुम्ही बोलला नाहीत, हे मी विचारलं नाही. मला स्वतःला सुचलं नाही, ते जास्त टोचतं.

मला तिचा हेवा वाटतो. पदवीचा नाही, या वयात पदवी घेऊन मी काय करू? तिला तुम्ही नव्हतात, याचा. तिला अडवायला मी होते. तासिकेवर असताना तिने पीएचडीचं नाव काढलं, तेव्हा मी तिला तुमच्याच शब्दांत सांगितलं, आधी पक्की हो. ती हसली. "दोनी संगंच पाहतो न मॅडम." तिने माझं ऐकलं नाही. मी तुमचं ऐकलं. आणि दोघींत शहाणी कोण ते आता कोर्ट ठरवणार.

आज ती फोन न करता दारातच उभी राहिली. परवा सुनावणी आहे. मी आत गेले, वही आणली आणि एवढंच म्हटलं, "सापडली." तिने उभ्याउभ्याच वही उघडली. पान सहाशे त्र्याहत्तरवर तिची पहिली सही आहे. ती पानं उलटत गेली आणि एका ओळीवर हसली. "हजर तीन. वेचाईचे दिवस होते मॅडम. अर्धा वर्ग कापसाच्या वावरात. तिघींले पूर्ण तास शिकवला मी." मग वही पुन्हा पहिल्यापासून चाळताना ती एका सहीपुढच्या 'तासिका' या शब्दावर थांबली. "हे तुमची सही? तुमी बी तासिकेवर होत्या?"

"होते."

"मंग तुमी काऊन नाई गेल्या कोर्टात?"

मी म्हटलं, "आधी वहीची पोच लिही, मग चहा."

हा कागद वहीच्या रिकाम्या जागी ठेवते आहे. पोच तिने लिहिली, पण तिच्यात एक गोष्ट राहिली, म्हणून इथे पूर्ण उतरवते.

दिली: तासांची वही, एक, मूळ. लाल कापडी पुठ्ठा, शिवण शाबूत. पानं आठशे बारा, सगळी जागेवर. घेणारीची सही आहे. पान सहाशे त्र्याहत्तरच्या शिवणीलगत स्टीलच्या पट्टीची खोल रेघ उमटली आहे. पान फाडायला पट्टी मी ठेवली होती.