कोबे सील, त्याचा स्वेटर आणि दलदलीतली जागा

मी हाल्वार नेस्विक, वय छप्पन्न, अविवाहित, धंद्याने प्रथम हेरिंग माशांच्या तेलाच्या कारखान्यातला कामगार व नंतर मुलांच्या टीव्हीवरचा निवेदक आणि बाहुलेकार, राहणार हेलवेर बेट, हे मृत्युपत्र माझ्याच हाताने, माझ्याच स्वयंपाकघरात बसून लिहीत आहे. दडपण कोणाचेही नाही. माझे डोके ठिकाणावर आहे. हृदयाबद्दल तसे म्हणता येत नाही. ते पुढच्या आठवड्यात दक्षिणेकडच्या मोठ्या रुग्णालयात उघडून पाहणार आहेत, आणि त्यातून मी उठेनच असे डॉक्टर म्हणत नाहीत. बाहेर सूर्य अजून डोंगराआड आहे, पण बर्फ निळे झाले आहे. अशा उजेडात खरा समुद्र कोणता आणि रंगवलेला कोणता, हे मला पटकन सांगता येत नाही. तेवढे सोडल्यास मी पूर्ण शुद्धीत आहे.

कलम १. माझे घर, होडीची खोली व धक्का बेटावरच्या शाळेला द्यावा. शिक्षक येथे टिकत नाहीत, कारण त्यांना गळकी घरे मिळतात. माझे घर गळत नाही. छप्पर मी स्वतः घातले आहे आणि ते कसे घालायचे हे कोणाला विचारायला गेलेलो नाही. एक अट आहे. उत्तरेच्या खिडकीला पडदा लावू नये. त्या खिडकीतून सामुद्रधुनीपलीकडे माझी थोरली बहीण राग्नफ्रीद हिच्या स्वयंपाकघरातला दिवा दिसतो. तेरा वर्षे ती माझ्याशी बोललेली नाही. दिवा मात्र रोज लावते.

कलम २. माझ्या कोरायच्या सुऱ्या, पटाशा आणि विलोच्या लाकडाचे वाळलेले ठोकळे विग्दिस औने हिला द्यावेत. ती स्टुडिओत वायरी ओढायला आली होती आणि आता स्वतःच्या बाहुल्या चालवते. सुऱ्यांना धार लावताना तिने घाई करू नये, हे मी तिला पुष्कळदा सांगितले आहे. येथे लेखी सांगत आहे.

मला ही विद्या कोणी शिकवली नाही. पहिला बाहुला मी हेरिंगच्या पेटीच्या फळीतून कोरला, आणि त्याला माशाचा वास शेवटपर्यंत राहिला. मग आणखी बाहुले कोरले, आणि ती पेटीतली मंडळी घेऊन मी किनाऱ्याच्या बोटीने शाळाशाळांतून हिंडलो. वर्ग थंड असत. मुले लोकरी मोज्यांतले पाय बाकाखाली एकमेकांवर घासत, आणि बाहुला वर आला की ते घासणे थांबे. ती शांतता मला अजून स्वप्नात ऐकू येते. नंतर देशात टीव्ही सुरू झाला. मी राजधानीला पत्र लिहिले, उत्तर आले नाही, म्हणून मी स्वतःच गेलो.

कलम ३. माझी अर्धी होडी टीव्हीवरच्या आमच्या त्या वेळच्या विभागप्रमुखांना द्यावी. ते हयात आहेत असे समजते. ही होडी उभी कापलेली आहे. कॅमेऱ्याला दिसेल तेवढीच बाजू तिला आहे. मी तीत बसत असे. उजवा हात काठावरच्या भोकातून वर, त्यावर कोबे नावाचा सील, आणि मागे कापडावर रंगवलेला समुद्र. ओठ न हलवता बोलण्याची कला मला येत नव्हती, आणि ती फसवणूक मला आवडतही नाही. म्हणून कोबे बोलायचा तेव्हा मी तोंड फिरवून समुद्राकडे बघत असे. मी कोबेच्या वतीने बोलत आहे हे सगळ्या मुलांना माहीत होते, आणि एकालाही ते खरे वाटत नव्हते.

विभागप्रमुखांचे म्हणणे असे की कोबेने राजधानीच्या लोकांसारखे शुद्ध बोलावे. आमच्या उत्तरेकडच्या बोलीने मुलांचे कान बिघडतील. मी म्हटले, सील आहे तो, साहेब, कॉलेजात गेलेला नाही. ते हसले नाहीत. कोबे मात्र सोळा वर्षे माझ्या आईसारखाच बोलला, आणि आमच्या किनाऱ्यावरच्या मुलांनी आपल्या घरातले बोलणे पहिल्यांदा टीव्हीच्या पेटीतून ऐकले. हे काम माझ्याआधी कोणी केले असेल तर त्याने पुढे यावे. होडीचा उरलेला अर्धा भाग विभागप्रमुखांनी स्वखर्चाने पुरा करून घ्यावा आणि मग ती समुद्रात घालून पाहावी.

कलम ४. मला आईच्या शेजारी पुरावे. भाषणे नकोत. धर्मगुरूंना बोलणे भागच असेल तर थोडक्यात. कॉफी भरपूर असावी.

कलम ५. बँकेतली शिल्लक व वर किंवा खाली ज्याचा उल्लेख राहिला असेल किंवा ज्याची देणगी कायद्याने टिकणार नाही, ते सर्व कलम १ मधल्या शाळेकडे जाईल.

कलम ६. हे मुख्य कलम आहे. बाकीची याच्यासाठी लिहिली.

कोबे सील, त्याच्या अंगावरच्या स्वेटरसह, राग्नफ्रीद हिला द्यावा. त्याचे डोके माझे आहे, स्वेटर तिचा. स्टुडिओतल्या दिव्यांच्या उष्णतेने लोकर आटायची, म्हणून दर शरद ऋतूत ती काळ्या मेंढीच्या लोकरीचा नवा विणून पाठवायची. एकोणसत्तर सालापासून स्वेटर येणे बंद झाले. शेवटच्या वर्षांत कोबेच्या बगलेला भोक होते ते सगळ्या देशाने पाहिले. मुलांनी पोस्टाने लोकरीचे गुंडे पाठवले. मी त्यांतले काही वापरले नाही. दुसऱ्या हाताचे काम त्याच्या अंगावर चढवणे मला जमले नाही.

कारण लिहितो, म्हणजे कोणी चुकीचे लिहायला नको. आमच्या घराची मोल्ते फळांची एक जागा होती. दलदलीत उगवणारी, मधासारख्या रंगाची ही फळे आमच्याकडे कोणीही विचारल्यास दाखवतो, पण ती कुठे मिळाली हे सांगत नाही. नवरा बायकोला सांगत नाही. आईने ती जागा आम्हा दोघांनाच दाखवली होती. एकोणसत्तरच्या ऑगस्टमध्ये थेट कार्यक्रम चालू असताना एक फिल्म अडकली. वेळ भरून काढायचा होता. मी कोबेला विचारले की उन्हाळ्यात तू कुठे जातोस. कोबेने सांगितले. मोठ्या तळ्यामागून, दगडांच्या दुसऱ्या ढिगाशी डावीकडे, वीज पडून चिरलेल्या बर्चच्या झाडाखाली. त्या रविवारी होड्या भरभरून माणसे बादल्या घेऊन आली.

ती जागा मी उघड केलेली नाही. कोबेने केली. त्या वेळी मी समुद्राकडे बघत होतो. हे विधान मी आजही मागे घेत नाही.

तरीपण. निवृत्त होऊन बेटावर परत आल्यावर मी एकटा फिरून दुसरी जागा शोधली. पहिलीपेक्षा मोठी आहे. तिथे धुके बसलेले असते आणि फळे धुक्यातच पिकतात, जणू कोणीतरी दिवे लावून विसरून गेले आहे. तिचा पत्ता येथे लिहीत नाही. तो कोबेच्या डोक्यात, आतल्या पोकळीत कोरला आहे. हात घातला की बोटांना लागतो. ही जागा माझ्या मागे राग्नफ्रीदची.

कलम ७.

येथे लिहिणे थांबवावे लागले, कारण होडी आली. कलम ७ मध्ये काय लिहिणार होतो ते आता आठवत नाही. पुढचे त्याच टेबलावर, तासाभराने लिहीत आहे.

होडी शेजारी टोर्लाइफ याची. साक्षीसाठी तो आपल्या बायकोला, सोल्ब्योर्गला, आणणार असे ठरले होते. धक्क्यावर उतरली ती सोल्ब्योर्ग नव्हती. राग्नफ्रीद उतरली. सोल्ब्योर्गने ऑपरेशनची बातमी पलीकडे पोचवली आणि आपली जागाही तिला दिली, असे टोर्लाइफकडून कळले. तो म्हणाला की त्याला घरी काही विचारतच नाहीत, नुसते कोणाला कुठे न्यायचे ते सांगतात.

राग्नफ्रीद कोट न काढता बसली. मी कागदावर वर्तमानपत्र पसरले, कारण साक्षीदाराने मजकूर वाचण्याची गरज नसते. तिने टोर्लाइफला सांगितले की होडीचा दोर सैल दिसतोय, बघून ये. तो गेल्यावर तिने वर्तमानपत्र उचलले आणि पहिल्या ओळीपासून सगळे वाचले. लहानपणीही ती असेच करायची. निळा उजेड तिच्या चष्म्यावर होता, त्यामुळे डोळे दिसत नव्हते. मला क्षणभर वाटले की मी अर्ध्या होडीत बसलो आहे आणि मागचे कापड हलते आहे.

"मी बोलत नाही असं लिहिलंयस," ती म्हणाली. "बोलू कोणाशी? खिडकीशी?"

मी म्हटले की मोल्त्यांच्या जागेवरून तिने राग धरला आहे हे अख्ख्या किनाऱ्याला माहीत आहे.

"मोल्ते संपले असते दोन दिवसांत, पुढच्या वर्षी परत आले असते. त्या रविवारी मी तिथेच होते, हाल्वार. कॉफीची किटली घेऊन. मला वाटलं, एवढ्या लोकांना बोलावलंय, म्हणजे हा पण येणार. पलीकडच्या फ्योर्डातले आले. कोणाचे कोण चुलते आले. सगळे मलाच विचारत होते, सीलवाला कुठाय? काय सांगू?"

मी म्हटले की मी बोलावले नव्हते, कोबेने...

"कोबे तुझ्याशिवाय पोहतो का?"

एवढ्यात टोर्लाइफ आत आला आणि म्हणाला की दोर चांगला घट्ट होता. राग्नफ्रीदने पेन उचलले.

मी तिला थांबवले. कायदा नीट समजावून सांगितला: जो साक्षीदार म्हणून सही करतो त्याला त्या मृत्युपत्रातून काहीही मिळू शकत नाही. टोर्लाइफ तोवर उघड्या कागदांवरून नजर फिरवत होता. तो म्हणाला, तरीच माझं नाव कुठल्या कलमात नाही, मी आपला मनाला लावून घेत होतो. राग्नफ्रीद म्हणाली की तिला हा कायदा ठाऊक आहे. नवरा गेला तेव्हाच शिकली.

"मला मेल्यावर नकोय," ती म्हणाली. "मोल्ते ऑगस्टात पिकतात. कोबेला घे आणि चालत येऊन दाखव."

म्हणून पुढील बाब स्पष्टपणे नोंदवतो. राग्नफ्रीदने सही केली की कलम ६ निकामी होते. मी ऑगस्टआधी मेलो तर कलम ५ प्रमाणे कोबे शाळेकडे जाईल. शाळेतली मुले त्याच्या डोक्यात हात घालणारच, आणि संध्याकाळपर्यंत सगळ्या बेटाला जागा कळेल. हे टाळण्याचा कायदेशीर मार्ग एकच आहे, आणि तो सर्वस्वी सर्जनच्या हातातला नाही असे मला आज दुपारपासून वाटू लागले आहे.

कलम ६ मी खोडलेले नाही. ते तसेच राहू द्यावे. टिकणार नाही हे माहीत असून ठेवलेले असे माझ्या कागदपत्रांत दुसरे काही नाही.

हे सर्व मी वाचून, समजून, दोन्ही साक्षीदार एकाच वेळी समोर हजर असताना सही करत आहे.

हाल्वार नेस्विक

साक्षीदार क्रमांक एक: टोर्लाइफ ब्रेकान, होडीवाला. माणूस शुद्धीत आहे. कॉफी त्यानेच केली, कडक होती.

साक्षीदार क्रमांक दोन: राग्नफ्रीद मॉर्क, जन्मनाव नेस्विक. शुद्धीत आहे. ऑगस्टपर्यंत तसेच राहावे.

स्थळ: हेलवेर
दिनांक: २४ जानेवारी १९८३