इंग्रज आजोबांच्या हातातला दिवा

रविवार संध्याकाळ, कार्ल्सरूहे, जर्मनी

अजून विश्वास बसत नाहीये. जुनी ब्रिटिश मालिका संपली आणि निर्माता म्हणून तेच नाव आलं, जे मी रोज खाली इमारतीच्या दारावर बेलशेजारी वाचते. वरच्या मजल्यावरचे इंग्रज आजोबा! माझ्या लेकीने, ईराने, फोनवर फोटो शोधला. तेच. चाळीस वर्षं सिनेमे, मालिका, बक्षिसं.

आणि मी? दिसेल त्याला कामाला जुंपायची आपली सवय. गणपतीच्या नाटुकल्याच्या शूटिंगला त्यांना दोन तास दिवा धरून उभं केलं. वर "हात हलवू नका!" म्हणून ओरडले. त्यांच्यावर! कधी विचारलं का, पूर्वी काय करत होतात?

आत्ता माफी मागायला गेले. म्हणाले, "अगं, निर्मात्याला सेटवर दिव्याला हातसुद्धा लावू देत नाहीत. पुढच्या गणपतीत दिवा दुसऱ्या कुणाला देऊ नकोस."