कॉलरला राहिलेला माईक

मंगळवार, १४ तारीख, दुपार

प्रिय ताई,

नमस्कार. घरी सगळे बरे असाल. दाजींचा गुडघा काय म्हणतो? मी वेळेवर जेवतो, वजनही वाढलंय, तेव्हा ती काळजी सोड.

हे पत्र हॉस्पिटलच्या बाकावर बसून लिहितोय. घाबरू नकोस, मी धडधाकट आहे. आत घड्याळजी आहेत. ज्यांच्या घरी मी चार महिने कॅमेरा घेऊन पडीक होतो, ते. शेजारी त्यांची बायको नवऱ्याचा चष्मा मुठीत धरून बसलीय. तिची भाषा मला येत नाही, माझी तिला येत नाही.

माझी कामाची रीत तुला ठाऊक आहे. काही विचारायचं नाही, सुचवायचं नाही, आपण भिंत होऊन राहायचं. पण शुक्रवारी घोळ केला. त्यांच्या कॉलरचा माईक काढायला विसरलो आणि ते तसेच बाहेर गेले. रेकॉर्डर त्यांच्या खिशात चालूच. काल माझ्या दुभाषीबाईंनी ते ऐकता ऐकता हेडफोन काढून ठेवला.

"अहो, हे डॉक्टरकडे गेले होते. डॉक्टर हृदयाचं ऑपरेशन लगेच करा म्हणतायत. आणि हे म्हणतायत, आमचा पाहुणा जाऊ दे, महिन्याभराने बघू. त्याचं काम अर्धवट राहील."

"घरी सांगितलंय?"

"छे! बायकोला कळू द्यायचं नाही म्हणे."

कसली भिंत! माझ्या फिल्मपायी तो माणूस जीव टांगणीला लावून बसला होता. तसाच बाईंना घेऊन त्यांच्या दुकानात गेलो. म्हटलं, "माझं काम आज संपलं. आता घरी तुम्ही सांगता की मी सांगू?"

ते माझ्यावर खूप चिडले. मग त्यांनी बायकोला सांगितलं. तिने उठून आधी माझ्या कॅमेऱ्यावर टॉवेल टाकला.

सकाळी त्यांना आत नेलंय. तीन तास झाले. दार उघडलं की मी उठून उभा राहतो.

ताई, आई गेल्यावर तू विचारलं होतंस, "तू महिनाभर तिचं शूटिंग करत होतास, तुला काहीच दिसलं नाही?" मी नाही म्हणालो होतो.

दिसलं होतं. जिना चढताना ती तिसऱ्या पायरीवर थांबायची, छातीवर हात ठेवायची. शॉट छान येतो म्हणून मी रोज तिथेच कॅमेरा लावायचो.

आतली बातमी कळायच्या आधीच हे पत्र टाकतोय. नंतर धीर होणार नाही.

तुझ्याशी खोटं बोललेला,
तुझा धाकटा