नैवेद्याची बादली

१ ऑक्टोबर
ताडोबाचं गेट आज उघडलं. त्याच मुहूर्तावर एचएफसी, म्हणजे हेमराज फ्राइड चिकन, मोहर्लीत उघडलं. शाखा क्रमांक दोन. पहिली चंद्रपूरला बसस्टँडजवळ, तिथे बायको पुनम बसते. तिसरी एटापल्लीत, सूरजागडच्या खाणीवरच्या ट्रकवाल्यांसाठी. ती पार्टनर प्रफुल्ल बघतो. दिवाळीपर्यंत सात शाखा. उन्हाळ्यापर्यंत नागपूर. मोठ्या माणसांना मुलाखतीत तारखा आठवत नाहीत, म्हणून ही रोजनिशी.
संकल्प: रोज पहाटे पाचला उठणे.

४ ऑक्टोबर, सकाळी ९.४०
उठलो. बाबा चारपासून जागे. वनखात्यात तीस वर्षं वनमजूर होते, त्यांना सवय आहे. गावी एकटे राहण्यापेक्षा इथे बरे म्हणून घेऊन आलो. कोंबड्या साफ करतात, मैदा चाळतात, भट्टी पेटवतात, मागच्या खोलीत झोपतात. या वयात माणूस ॲक्टिव्ह हवा.
गिऱ्हाईक चार. त्यातल्या दोघांनी फक्त टॉयलेट विचारलं.

७ ऑक्टोबर, मंगळवार
गेट बंद, धंदा बंद. पिसं, आतडी, मुंड्या यांचं काय करायचं हा प्रश्न निघाला. बाबा म्हणतात रोज खड्डा खणा, चुना टाका, बुजवा. स्टाफ तीन, त्यातला मी मॅनेजमेंट. खणणार कोण? मागच्या नाल्यात टाका म्हटलं.
भांडी घासायला गावातली धुरपताबाई ठेवलीय. ती म्हणाली, "भाऊ, तिथी नका टाकू. घाणीमागं कुत्रे येते, कुत्र्यामागं बिबट येते." भांडी घासणाऱ्या बाईने सल्ले द्यायचे म्हणजे झालंच.

१२ ऑक्टोबर
कुत्रे आले. अकरा मोजले. गिऱ्हाइकांपेक्षा नियमित.

१५ ऑक्टोबर, संध्याकाळी ७
आज इतिहास घडला! पुण्याची एक फॅमिली, सफारीत शेपूटसुद्धा दिसलं नाही म्हणून पोरं रुसलेली. साडेपाचला मागच्या खिडकीतून पोरगी ओरडली. नाल्यात बिबट्या. आमच्याच कोंबडीची आतडी खात होता. सगळ्यांनी व्हिडिओ काढले आणि आणखी तीन बकेट चिकन मागवलं. ताडोबात लोक जिप्सी बुक करून वणवण फिरतात, माझ्याकडे एसीत बसून दिसतो.
धुरपताबाईचं म्हणणं खरं निघालं, पण तिला त्यातला बिझनेस दिसला नाही. म्हणून ती तिथे आणि मी इथे.

१६ ऑक्टोबर
खिडकीच्या चार टेबलांना नाव दिलं: बिबट व्ह्यू. बोर्ड रंगवून आणला. सगळ्या शाखांत हेच करायचं. पुनमला फोन केला. ती म्हणाली, बसस्टँडवर बिबट कुठून आणू, आणि बाबांची बीपीची गोळी संपली असेल, घेऊन द्या. ही बाई कधी मोठा विचार करत नाही. गोळीचं लिहून ठेवतो.

१७ ऑक्टोबर
बाबांनी आतडी-मुंड्यांची बादली नाल्यात न्यायला चक्क नकार दिला. म्हणाले, "तीस वर्सं जंगलात काढली, पण बिबट्याले हातानं चारा घालाले नाई." स्वतःचा बाप आपल्या ब्रँडवर विश्वास ठेवत नसेल तर काय बोलायचं. वाईट वाटलं.
मग सुचलं. नाल्याच्या काठी मोहाच्या झाडाखाली वाघदेवाचा शेंदरी दगड आहे. गावातले लोक तिथे नवसाची कोंबडी देतातच. बाबांना म्हटलं, बादली तिथेच ओता, नैवेद्य समजा. बाबा कोंबड्या साफ करायला वळले. मग धुरपताबाईला म्हटलं, तर तुम्ही न्या. तिचा चेहरा पांढरा पडला. तेवढ्यात बाबांनी तिच्या हातातली बादली ओढून घेतली आणि चालायला लागले.
याला म्हणतात लीडरशिप. माणसाच्या श्रद्धेला हात घातला की माणूस कामाला लागतो.

२१ ऑक्टोबर
दिवाळी. शाखा तीनच. तसं पाहिलं तर सात हा आकडा मी मार्चसाठीच धरला होता. वरचं ओझरतं लिहिलं होतं.
बिबट्या रोज येतो, बुकिंग जोरात. तक्रार एकच, बाबांची. बादली ओतायला एक मिनिट पुरे. हे दगडापुढे उकिडवे बसतात, डोकं टेकवतात, पाच-पाच मिनिटं उठतच नाहीत. भट्टीला उशीर होतो. धुरपताबाईसुद्धा माझ्याच बाजूने बोलली, "त्याइले तिथी खाली बसू देऊ नका भाऊ. बसलेला माणूस बिबटाले जनावर वाटते." तिचं कारण वेगळं, पण टाइम मॅनेजमेंटचा मुद्दा तोच.

२९ ऑक्टोबर
प्रफुल्लने एटापल्लीतला माझा बोर्ड उतरवून स्वतःचा लावला. म्हणतो, ट्रकवाल्यांना कुरकुरीत नको, रस्सा आणि भात पाहिजे. खुशाल विक. मी तसंही त्याला काढणारच होतो. शाखा दोन. कंपन्या मोठ्या होताना आधी आटोपशीर होतात.

५ नोव्हेंबर
धुरपताबाईची गाभण शेळी बिबट्याने गोठ्यातून उचलली. सकाळी भांड्यांपाशी बसून रडत होती. गिऱ्हाइकांसमोर बरं दिसत नाही म्हणून तिला मागे बसवलं आणि माणुसकी म्हणून दोन लेगपीस दिले, गरम. तिने ते कुत्र्यांना घातले. म्हणाली, "उद्यापासून येत नाई भाऊ. म्हाताऱ्याले तरी सांभाळा." चांगुलपणाची किंमत नाही.
भांडी आता बाबा घासतात.

११ नोव्हेंबर
वनरक्षक नोटीस घेऊन आला. आठ दिवसांत घाण बुजवा, नाहीतर दुकान सील. त्याला एक बकेट देऊ केलं, घेतलं नाही. एकेकाळी बाबांच्या हाताखाली काम शिकलेला पोरगा. बाबांना म्हणाला, "गुणवंतभाऊ, तुमाले सारं समजते. तुमी काऊन हे करून राह्यले?" बाबा खाली मान घालून मैदा चाळत राहिले.
संकल्प: उद्या मी स्वतः खड्डा खणणार.

१२ नोव्हेंबर
कुदळ नाही.

१३ नोव्हेंबर
कुदळ मिळाली. जमीन कडक. तळहाताला फोड येण्याची लक्षणं.

१६ नोव्हेंबर, रविवार
चारही टेबलं फुल्ल. भिलाईचे डॉक्टर लोक. आज खड्डा खणून बिबट्याला उपाशी ठेवणं म्हणजे गिऱ्हाइकांची फसवणूक. नोटिशीचे अजून तीन दिवस आहेत.

१९ नोव्हेंबर
सकाळी सहाला बाबा बादली घेऊन दगडापाशी गेले होते. मी झोपेत होतो. आरडाओरडा मला ऐकू आला नाही, एसीचा आवाज असतो. धुरपताबाईला तिच्या घरून ऐकू आला. ती जळतं लाकूड घेऊन धावली म्हणून बाबा बिबट्याच्या तावडीतून सुटले.
मी पोचलो तेव्हा बाबांना गाडीत घातलं होतं. दगडापाशी बादली उभी होती, काठोकाठ भरलेली. म्हणजे ओतायच्या आधीच खाली बसले. मी किती वेळा सांगितलं होतं की बसू नका.

२२ नोव्हेंबर, चंद्रपूर
दवाखाना. बाबांचा उजवा कान गेला. उजवा हात कोपराच्या वरून काढावा लागला. डॉक्टर म्हणाले, बीपीसुद्धा फार वाढलेलं होतं, गोळ्या चालू नव्हत्या का?
मोहर्लीला सील. बिबट्याला पिंजरा लावून पकडलं आणि कुठे तरी लांब नेलं. बिबट नाही म्हणजे व्ह्यू नाही. पुनमने बसस्टँडवरचा बोर्ड उलटा करून मागच्या कोऱ्या बाजूवर घरगुती डबे मिळतील असं लिहिलंय. बाबांचा डबा तिथूनच येतो. माझा येत नाही. विसरत असेल, कामं फार आहेत तिला.
शाखा: पुनर्रचना सुरू.

२६ नोव्हेंबर
बाबा आज बोलले. मीच विषय काढला. म्हटलं, बाबा, मी बादली ओतून या म्हटलं होतं, तिथे बसायला कोणी सांगितलं होतं? स्टाफने सूचना पाळल्या असत्या तर आज ही वेळ आली नसती.
बाबा छताकडे बघत होते. म्हणाले, "तो नैवेद्य नाई, घाण होय, हे मले पह्यल्याच दिवशी समजलं होतं हेमराज. मी नाई नेली असती तं तू धुरपताबाईले धाडलं असतं. देवापुढं घाण टाकाच्या आधी रोज डोस्कं टेकून म्हणत होतो, पोरगा माहा आहे, त्याले नको धरू."
मग त्यांनी हात जोडायला घेतले. डावा वर आला. बँडेज थोडं हललं.
म्हणाले, "आता हात जोडाचं तूच पाह्य. जाऊन ये एक डाव."
मी हो म्हटलं. आणखी काय म्हणणार.

२७ नोव्हेंबर
पुनमच्या भावाची, आदेशची व्हॅन मागितली. तो चावी देताना माझ्या तोंडाकडे बघत नव्हता. मोहर्लीला पोचलो. बिबट्या पकडलेला आहे, हे मला पक्कं माहीत आहे. दिवसा अकराची वेळ, लख्ख ऊन. दगड गाडीपासून वीस पावलांवर. बादली अजून तिथेच, माश्या घोंघावत होत्या. अकराही कुत्रे होते.
दार उघडायला हात लावला. मागच्या झुडपात काहीतरी हललं. कुत्राच असणार.
मला भीती वाटली. हात मागे घेतला.
गाडीतूनच हात जोडले, काच वर करून. आणि बाबांना जाऊन सांगितलं की डोकं टेकवून आलो.