बाबांच्या बॅगेतलं कॅनिस्टर

३ मे
बाबांनी आज स्टोव्हच्या गॅसची तिन्ही कॅनिस्टर बादलीत तरंगवली. किती गॅस उरलाय ते त्यावरून कळतं म्हणे — भरलेलं खोल बुडतं, रिकामं वर राहतं. प्रत्येकावर मार्करने ग्रॅम लिहिले. म्हटलं, "बाबा, विमानात यातलं एकही चालणार नाही हं." तर खेकसलेच! "मला शिकवतेस? तीस वर्षं पोरांना डोंगरावर नेलंय!" गोड आहेत पण. उंच डोंगरातल्या खिंडीत बसून स्वतःच्या हातचा चहा पाजायचं त्यांनी मला दहावीत कबूल केलं होतं. परवा एकदाचे निघतोय!

५ मे
विमानतळावर बाबांची बॅग बाजूला काढली. आत मोज्यात गुंडाळलेलं कॅनिस्टर — वर बाबांच्या अक्षरात २१०! "मीच ठेवलं, चुकून," मी ठोकून दिलं. तपासणीवाल्या बाईने असं झापलं मला! कॅनिस्टर गेलं, आम्हाला सोडलं. बाबा मान खाली घालून बुटांकडे बघत होते.

विमानात ते झोपले. मी त्यांच्याकडे बघत बसले. आजोबांचंही असंच सुरू झालं होतं. आधी किल्ल्या विसरायचे, मग माणसं.

६ मे
इथल्या दुकानात नवं कॅनिस्टर घेतलं. बाबांनी आटे तपासले, स्टोव्ह लावून वास घेतला, वर दुकानदाराला दम — "उन्हात ठेवू नका हे, कितीदा सांगायचं?" पहिल्यांदाच भेटत होता बिचारा! मी हसले, आणि लगेच आजोबा आठवले. मग सहज म्हणून विचारलं, आज वार कोणता, आत्याचा फोन नंबर काय. सगळं बरोबर. "परीक्षा घेतेस काय गं ठमे?"

७ मे
जीप सोडली, चढ सुरू झाला. दुसऱ्याच वळणावर बाबा बसले. "तू हो पुढे." मी कसली जाते! दगडांच्या आडोशाला तिथेच स्टोव्ह मांडायला लावला. चहा कडक, साखर भरमसाट. इतका छान चहा मी जन्मात प्यायले नाही.

परत गेल्यावर त्यांना मेंदूच्या डॉक्टरांकडे न्यायचं. पण सांगू कसं?

८ मे
शेवटी सांगितलंच. तर बाबा म्हणाले, "विसरलो नव्हतो गं. कॅनिस्टर मुद्दामच ठेवलं होतं. गुडघे संपलेत माझे. तुला सांगायची लाज वाटली — वाटलं, विमानतळावरूनच घरी पाठवतील आपल्याला."